दगडापर्यंत आपलं

३ सप्टेंबर १९७४, मंगळवार

“इथपर्यंत आपलं. पुढचं त्यांचं.”

आई हे आयुष्यात एकदाच म्हणाली. मी नऊ वर्षांची होते. बाबांची पेटी खांद्यावर घेऊन पुरुष समुद्राकडे, दफनभूमीच्या वाटेला लागले आणि आम्ही सगळ्या बायका रस्त्याकडेच्या त्या बुटक्या दगडापाशी थांबलो. मी पुढे पळाले. तिनं मागून कोटाची कॉलर धरली, मला ओढलं आणि माझं तोंड गावाकडे वळवलं. मागे बघायचं नसतं. घरी जाऊन बटाटे सोलायचे असतात, कारण पुरून आलेल्या पुरुषांना भूक फार लागते.

आज हे आठवायचं कारण डॉक्टर. आईचे पाय दाबून पाहिले, छाती ऐकली, मला दाराबाहेर बोलावलं आणि म्हणाले, “हिवाळा काढेल असं वाटत नाही.” उद्या पाऊस आहे म्हणावं तसं.

म्हणजे पुन्हा तो दगड.

या खेपेला मी वळणार नाही. मी तिची एकुलती एक. ग्लासगोची नोकरी सोडून तिच्यासाठी आले, तिला उठवते, बसवते, न्हाऊ घालते – आणि शेवटच्या मैलाला तिला दुसऱ्यांच्या हवाली करून बटाटे सोलायला जाऊ? नाही.

लिहून ठेवलं. आता माघार नाही.

५ सप्टेंबर, गुरुवार

आमच्या पॅरिशला पाटी लागणार आहे! कौन्सिलचं पत्र आलं. एक चर्च, तीन वाड्या, एक पोस्ट (मी), आणि बाकी मेंढ्या – त्याला पाटी. “टिलिवान”, आणि खाली नावाचा उगम. उगम म्हणे गावकऱ्यांनीच ठरवून कळवावा.

काल हॉलमध्ये सभा झाली. अध्यक्ष अर्थातच कालम. माझ्या मावशीचा मुलगा, चर्चचा पंच, रविवारी स्तोत्र उचलणारा, मेंढ्यांच्या बाजारात भाव पाडणारा. कालम बोलायला उठतो तेव्हा आधी गळा साफ करतो, मग मिशी, मग विषय.

तीन उगम निघाले. रेव्हरंड म्हणाले, एक संत होता, तो आयर्लंडहून दगडावर बसून तरंगत आला. रेव्हरंडना इथे येऊन दोन वर्षं झाली. संताला बहुधा तेवढीही झाली नसतील. मागच्या बाकावरून कुणीतरी म्हणालं, नॉर्वेचा एक राजा इथं जेवला होता. काय जेवला ते ठरेना. मग बेथून आडनावाचे निवृत्त मास्तर उठले, चष्मा पुसला, आणि म्हणाले, शास्त्राप्रमाणे याचा अर्थ एकच – पांढरी टेकडी.

“कुठली टेकडी, मास्तर?” मी विचारलं.

“ते संशोधनाचं काम आहे.”

मी म्हणाले, अर्थ तर इथल्या शेंबड्या पोरालाही माहीत आहे. आमच्या बोलीत टिलि म्हणजे वळणं, वान म्हणजे बायकांचं; बायका दगडापाशी वळतात म्हणून बायकांच्या वळण्याचं गाव. दगड अजून तिथंच आहे.

सगळे माझ्याकडे वळून बघायला लागले. जणू मी सभेत पेटीकोट वाळत घातला. कालमनं गळा साफ केला. “एफी, ते आहे. नाही असं कोण म्हणतंय? पण मयताची गोष्ट पाटीवर लिहीत नाहीत. लोक गाडी थांबवून वाचणार, सँडविच खाणार.”

मत घेतलं. पांढरी टेकडी जिंकली. राजाला दोन मतं. मला एक – माझंच.

९ सप्टेंबर, सोमवार

एडिनबर्गहून एक विद्वान आलेत. मिस्टर लोरिमर. टेपरेकॉर्डर, नवे बूट, आणि प्रत्येक म्हाताऱ्या माणसाकडे बघून ओलावणारे डोळे. नावांचा अभ्यास करतात. आज आमच्याकडे आईला भेटायला आले.

यंत्र खुर्चीवर ठेवलं. “आजी, या गावाचं नाव कसं पडलं असं तुमच्या लहानपणी सांगत?”

आई म्हणाली, “हवा बरी आहे आज.”

“वाऱ्याचा काही संबंध आहे का नावात?”

“असेल की.”

त्यांनी लिहून घेतलं! वाऱ्याशी संबंध. मला तोंड फिरवून चुलीत जळणाच्या पीट-मातीचं ढेकूळ घालावं लागलं. मग त्यांनी विचारलं, जवळपास कुठे पांढरी टेकडी होती का? आई अगदी गोड हसली. “असणारच साहेब. तुम्ही म्हणताय म्हणजे.” ओटची पोळी, घरचं मऊ चीज, दोन कप चहा, आणि साहेब तृप्त होऊन गेले.

मी चिडले. “खोटं का सांगितलंस?”

“मी कुठं सांगितलं? त्यांनी सांगितलं. मी हो म्हटलं.” मग म्हणाली, “पांढऱ्या टेकडीला हो म्हणणारी मी पहिली नव्हे. माझ्या आजोबांनी म्हटलं होतं. नकाशावाले आले होते तेव्हा. भर पावसात. तो साहेब नखशिखान्त भिजलेला, दात वाजतायत, आणि विचारतोय, पांढरी टेकडी ना? आजोबा म्हणाले, हो साहेब, आत या. अशा माणसाला नाही कसं म्हणायचं, पोरी?”

म्हणजे मास्तरांचं शास्त्र हे! माझ्या पणजोबांचा पाहुणचार. हीच आमची खोड. दारात आलेल्याला इथे सत्य देत नाहीत, त्याला जे हवं ते देतात, वर लोणी लावून. इथला माणूस शत्रूलाही तोंडावर नाही म्हणणार नाही.

फक्त मला म्हणतात.

१५ सप्टेंबर, रविवार

रविवार देवाचा, लिहायचं नसतं. लिहिते.

१८ सप्टेंबर, बुधवार

कालम मॅकरेल मासे घेऊन आला. साफ करून आणतो, हे मान्य करायला हवं. आईच्या पलंगाशी बसला, टोपी गुडघ्यावर. “कशी आहेस मावशी?” “आहे.” “पाय?” “दोन आहेत अजून.” दोघं हसली. मला हा माणूस हसताना आवडत नाही. बरा दिसतो, राग धरता येत नाही.

आईला झोप लागली तसा स्वयंपाकघरात आला. उभ्याउभ्याच म्हणाला, “तोर्किलशी बोललोय. लाकूड आहे त्याच्याकडे.” तोर्किल आमचा सुतार. पेट्याही तोच करतो.

“ती जिवंत आहे, कालम.”

“म्हणून तर आत्ता बोललो. ओल्या लाकडाची करायची का?” मग बोटांवर दोऱ्या मोजायला लागला. पेटी खड्ड्यात सोडायला आठ दोऱ्या, आठ पुरुष. पहिली डोक्याकडची, ती सगळ्यात जवळच्या पुरुषाची. दुसरी पायाकडची. मग खांद्यांच्या, कमरेच्या. “डोक्याची मी धरीन. पायाची तिच्या दिराच्या मुलाला, तो ओबानहून येईल.”

तो ओबानवाला! आईला दहा वर्षांत एक नाताळचं कार्ड पाठवलं त्यानं, तेही दुसऱ्या कुणाला आलेलं, नाव खोडून.

मी म्हणाले, “डोक्याची दोरी मी धरणार.”

त्याला वाटलं मी थट्टा करते. मग दिसलं की नाही. “एफी, तू ग्लासगोत फार राहिलीस.”

“मी तिची मुलगी आहे.”

“म्हणूनच. मुलगी दगडापाशी वळते. माझ्या आईला...” आणि मग आलीच ती गोष्ट. दर मयताला येते. अठरा सालच्या फ्लूच्या साथीत त्याची आई मारसली गेली, तो पाळण्यात, बाप युद्धावर. तेव्हा सुट्टीवर आलेल्या नौदलाच्या सहा जवानांनी तिला खांदा दिला. उंच. गणवेशात. परक्या बाईसाठी. “परके असून त्यांनी रीत पाळली, एफी. बायका दगडापाशी वळल्या, जवान पुढे गेले. पण डोक्याची दोरी धरायला घरचा पुरुष नव्हता. कुणा खलाशानं धरली असेल. तो सल मला आहे. मला भरवलं, वाढवलं ते मावशीनं. तिची दोरी मी दुसऱ्या कुणाला देणार नाही.”

आणि निघताना दारात, “बटाट्यांची काळजी करू नको. पोतं मी पाठवतो.”

बटाटे!

१९ सप्टेंबर, गुरुवार

आईलाच विचारलं. सरळ. “मी दगडापुढे आले तर?”

“नाही.”

“का?”

“कालमला खाली बघायला लावू नकोस.”

म्हणजे माझ्यापेक्षा कालमची मान महत्त्वाची. पाय चोळायला मी, मान राखायची त्याची. दिवसभर तिकिटांवर आपटून आपटून शिक्के मारले. एका बाईच्या पार्सलवरचा पत्ता पुसला गेला.

२८ सप्टेंबर, शनिवार

हे लिहिलं नाही तर पुढे माझा माझ्यावरच विश्वास बसणार नाही.

मिस्टर लोरिमर पुढच्या आठवड्यात कौन्सिलच्या साहेबाला घेऊन टेकडी बघायला येणार. टेकडी नाही. पाटीसाठी नेमलेल्या समितीनं आठवडाभर शोधली. एक सापडली चर्चमागे, पण ती हेदरच्या झुडपांनी तपकिरी. दुसरी खरंच जरा फिकट होती, पण जवळ गेल्यावर ती मास्तरांच्या भावाची पडकी पत्र्याची शेड निघाली.

तेव्हा कालम म्हणाला, “मूळची पांढरी असेलच. काळानं मळली.”

आज सकाळी समिती चर्चमागच्या टेकडीवर गेली. बादल्या, कुंचे, आणि गोठ्याला लावायचा चुना. पन्नाशी-साठीचे पुरुष गुडघ्यावर बसून दगड रंगवत होते. सगळे नाही, वरचे वरचे, “रस्त्यावरून दिसतील तेवढे”. मास्तर खालून हात हलवून सांगत होते – डावीकडे जरा विरळ आहे! रेव्हरंडनी कोट काढला होता. हेच लोक मला सांगतात की रीत बदलता येत नाही. गावाचा इतिहास दुपारच्या चहाआधी फासून होतो, पण एका बाईनं दोन पावलं जास्त टाकायची म्हटली की आभाळ कोसळतं.

आईला खिडकीशी बसवून दाखवलं. ती इतकी हसली की ठसका लागला, मला भीती वाटली. मग डोळे पुसत म्हणाली, “आजोबांनी त्या साहेबाला नुसतं भिजू दिलं असतं तर...”

२ ऑक्टोबर, बुधवार

दोन दिवस पाऊस. चुना वाहून ओढ्यात गेला. टेकडी पहिल्यापेक्षा काळी. कालमच्या काळ्या तोंडाच्या मेंढ्या दगडांना तोंड घासून पांढऱ्या तोंडाच्या झाल्या आहेत.

साहेबानं तरीही फोटो काढला. मेंढ्यांचा.

८ ऑक्टोबर, मंगळवार

आई सूपाचे चार चमचे. पाय सुजून भोपळे. बोट दाबलं की खळगा तसाच राहतो. पोस्ट अर्धा दिवस बंद ठेवलं. लोक समजून घेतात. दारात अंडी ठेवून जातात, आत येत नाहीत.

११ ऑक्टोबर, शुक्रवार

 जसं बोलली तसं लिहिते.

दुपारी तिचे पाय कोमट पाण्यात धुवत होते. ऊन खिडकीतून आत आलं होतं. मी चिडलेलीच होते. म्हणाले, या गावात बायकांनी कधी काही केलंच नाही, नुसत्या वळल्या, आणि त्याचंही नाव पाटीवर नको.

“फ्लूच्या साली आम्ही वळलो नाही,” आई म्हणाली.

मला वाटलं भ्रम झाला.

“मारसलीच्या वेळी. कालम जेमतेम पंधरवड्याचा. पुरुष समुद्रावर नाहीतर खंदकात. जे घरी होते ते म्हातारे, आणि सगळे तापानं पडलेले. तोर्किलच्या आजोबांनी तापातच पेटी केली, शेवटचा खिळा ठोकला, आणि तेही पडले. आम्ही वाट पाहिली. उचलायला कुणी आलं नाही. मग उचलली.”

“कुणी?”

“आम्ही. दुसरं कोण होतं?”

“आणि ते जवान? नौदलाचे?”

“कुठले जवान, पोरी.”

सहा जणी होत्या. आई एकवीस वर्षांची. त्या निघाल्या, दर शंभर पावलांना टेकवत. आणि दगड आला. आई पाण्याकडे बघत म्हणाली, “दगड आला तशी आम्ही पेटी खाली ठेवली. आणि सगळ्या वळलो. कुणी सांगितलं नाही. पायांना सवय. सहाही जणी गावाकडे तोंड करून उभ्या. वारा सुटलेला.  मग माझ्या लक्षात आलं, मारसली मागे रस्त्यावर आहे, आणि तिला न्यायला कुणी येणार नाही.”

“मग?”

“मग परत वळलो.”

मी पाय टॉवेलमध्ये धरून बसले होते. पाणी गार झालं.

खड्डाही त्यांनीच खणला. दोऱ्या आठ, हात सहा जणींचे. दोन दोऱ्या दोघींनी डाव्या हातात धरल्या. पण डोक्याची दोरी कुणी घेईना. “ती पुरुषाची ना,” आई म्हणाली, जणू हे मला कळायला हवं होतं. सगळं मोडलं होतं त्यांनी, दगड ओलांडला, खांदा दिला, खड्डा खणला – पण एवढं मोडवेना! शालीत कालम होता, आईच्या छातीशी बांधलेला. कुणाकडे ठेवणार? घराघरांत आजारी. तेव्हा आईनं शाल सोडून त्याला डोक्याकडे उभ्या, सहांतल्या धाकट्या पेगीच्या छातीशी बांधलं, त्याची मूठ बाहेर काढली, आणि डोक्याच्या दोरीचं टोक मुठीभोवती गुंडाळलं. भार पेगीनं मागून घेतला. पण दोरी त्याची.

“मुठीवर वळ उठला होता त्याच्या. दोन दिवस गेला नाही. मी लोणी लावत होते.”

“आणि तू कुठे होतीस?”

“पायाकडे.”

मी आधी हसले. मग हसू थांबवताच येईना, आणि ते हसू राहिलं नाही.

मग पुरुष परत आले. कुणी काही विचारलं नाही, कुणी काही सांगितलं नाही. फक्त कालमच्या बापानं विचारलं. दारात उभा, पाठीवर किटबॅग तशीच. माझ्या बायकोला कुणी नेलं? “त्याच्याकडे बघितलं आणि माझ्या तोंडून निघून गेलं, नौदलाचे सहा जण सुट्टीवर होते. बरं वाटलं त्याला. त्यानं ते पोराला सांगितलं. मग ते तसंच राहिलं.”

भिजलेला साहेब, आणि दारातला नवरा. एकच खोड, दोन पिढ्या.

त्या सहांतली आई उरली आणि धाकटी पेगी. पेगी इन्व्हर्नेसच्या आश्रमात आहे, तिला स्वतःचं नाव सांगता येत नाही.

उशीवर डोकं टेकवताना आई म्हणाली, “वळायचो म्हणून गावाला नाव पडलं. एकदा वळलो नाही, त्याचं नाव कुणी ठेवलं नाही. बरंच झालं.”

१३ ऑक्टोबर, रविवार

कालमनं स्तोत्र उचललं. मान ताठ, डोळे छताला. मी तिसऱ्या बाकावर. एक वाक्य, फक्त एक वाक्य बोलले की हा माणूस खाली बसेल आणि पुन्हा उठणार नाही. तुझ्या आईला बायकांनी नेलं. मला पेपरमिंटच्या गोळीसारखं ते वाक्य तोंडात घोळवावंसं वाटलं.

घोळवलं. सगळं प्रवचनभर. गोड लागलं, हेही लिहून ठेवते.

१५ ऑक्टोबर, मंगळवार

आईला सांगितलं, मी कालमला सांगणार. मग बघू तो कुठल्या तोंडानं मला वळ म्हणतो.

तिनं डोळे उघडले. इतके स्वच्छ डोळे आठवडाभर पाहिले नव्हते.

“सांग,” म्हणाली. “माझं झाल्यावर, मातीवर माती पडल्यावर. त्यालाही कळू दे की दोरी त्यानं धरली होती. मला कधी धीर झाला नाही. पण दोरीसाठी सांगू नकोस.”

“म्हणजे?”

“त्यात पैसे मोजल्यासारखं नको. तुला यायचंय तर विचार त्याला. नुसतं विचार. नाही म्हणाला तर वळ.”

“तो नाहीच म्हणणार, आई.”

“तर वळ. मी वळले नव्हते का तुझ्या बाबांच्या वेळी? पलीकडे काय असतं ते माहीत असून वळले. तुला काय वाटलं, तुझी कॉलर धरलेला हात माझ्यासाठी सोपा होता?”

नऊ वर्षांची मी, आणि माझ्या मानेवर तो हात. इतकी वर्षं मला वाटत आलं, तो हात मला मागे ओढत होता. तो धरून उभा होता. मी नसते तर ती पुढे गेली असती.

१९ ऑक्टोबर, शनिवार

पाटी लागली. हिरवी, पांढरी अक्षरं. “टिलिवान – पांढरी टेकडी.” कामगारांना जागा सोयीची वाटली म्हणून खांब नेमका त्या बुटक्या दगडाशेजारी रोवला. पाटीची पाठ दगडाकडे. टाळ्या वाजल्या. मास्तरांनी फीत कापली, कात्री बोथट, शेवटी तोर्किलनं दातांनी तोडली. एक मोटार थांबली. माणसानं काच खाली करून विचारलं, “टेकडी कुठंय?” कालमनं हात केला – तिकडे. तिकडे समुद्र आहे. “धन्यवाद,” म्हणून तो गेला.

२० ऑक्टोबर, रविवार

चर्चमधून आले तर कालम आधीच आईपाशी. मला चाहूल न देता दारात थांबावं लागलं, कारण तो तिला भरवत होता. दुधात कुस्करलेली पोळी, चमच्याच्या टोकावर एवढीशी. एक चमचा, मग रुमालानं हनुवटी. मग थांबायचं, तिला गिळू द्यायचं. माझ्यापेक्षा हळू. माझ्यापेक्षा बरं.

“मावशी,” तो म्हणाला, “ते सहा जवान... तू पाहिले होतेस ना? माझ्या आईला ज्यांनी नेलं?”

साठीकडे झुकलेला माणूस, आवाज पोराचा. हे तो तिला किती वेळा विचारत आला असेल?

आई म्हणाली, “हो रे. उंच होते.”

“नीट नेलं त्यांनी?”

“फार सांभाळून नेलं. एकदाही हिसका बसला नाही.”

“आणि डोक्याची दोरी?”

आईनं हात पांघरुणातून बाहेर काढला आणि त्याच्या मुठीवर ठेवला. चमच्यासकट. “ज्याची होती, त्याच्याच हातात होती,” म्हणाली. त्याला कळलं नाही. त्यानं मान हलवली आणि पुढचा चमचा भरला.

मी मागच्या दारानं बाहेर गेले. कोंबड्यांना काही हवं नव्हतं, तरी दाणे टाकले.

त्या पेपरमिंटला आता चव राहिली नाही.

२२ ऑक्टोबर, मंगळवार

आई पहाटे गेली. पाय माझ्या हातात होते.

तोर्किल येऊन माप घेऊन गेला. कालम अंगणात उभा आहे, टोपी हातात, पावसात, आत ये म्हटलं तरी येत नाही. रडून झाल्यावर येईल. बटाट्याचं पोतं दारात आणून ठेवलंय.

माझ्या तोंडात ते वाक्य आहे, आणि ते आज तिथेच राहील. गुरुवारी मातीवर माती पडेल, मग त्याला सांगेन – त्याच्या मुठीवर वळ होता, आणि आईनं लोणी लावलं होतं.

आत्ता वही मिटून बाहेर जाणार आहे. तो नाही म्हणेल. चांगुलपणानं म्हणेल, खांद्यावर हात ठेवून. तरी विचारणार, नुसतं –

कालम, डोक्याची तुझीच. पायाकडची दोरी मला दे.